धाऊचा परत आलेला विडा

धाऊ माझी आतेसासू. तिचा नवरा चांगो घाटात रुळांवर कामाला, कळंबाला घरी यायचा तो सणावारी. मग धाऊनं बोलायचं कुणाशी? तर शेताच्या बांधाशी. मी तोंडावर विचारायचे, "आत्या, आज बांध काय म्हणतो गं?" ती खाली बघूनच म्हणायची, "तुझ्यापरीस कमी बोलतो."

पण त्या बांधाचं तिला एवढं का, ते मला ठाऊक होतं. सारा जन्म तिनं दुसऱ्याच्या चिखलात भाताची लावणी केली. केस पांढरे झाल्यावर गावातल्या पोपटचं खाचर तिच्या नावानं घेतलं, तेव्हा कुठं पाय आपल्या चिखलात बुडले.

त्या खाचराच्या खालच्या अंगाला आबाजीचं शेत. वरचं पाणी बांधाच्या तोंडातून त्याच्याकडं उतरायचं. पोपटनं एका साली ते तोंड मातीनं बुजवलं आणि सगळं पाणी आपल्याकडं धरलं. आबाजी कोर्टात गेला. दावा चालू असतानाच पोपटनं शेत धाऊला विकलं आणि मोकळा झाला. लबाड मेला, पण बोलायला गोड.

आता आपल्याकडं रीत हाय. शेत हात बदलायच्या आधी घेणारानं बांधाला बांध असलेल्या प्रत्येकाला विडा द्यायचा. ज्यानं घेतला त्याची तक्रार नाय. धाऊ नवं लुगडं नेसून विडे वाटत फिरली. सगळ्यांनी घेतले. आबाजीनं हातात घेतला, बघितला, आणि परत बांधावर ठेवून दिला.

पोपट तिला म्हणाला, आबाजीचे दात पडलेत, तो पान खातच नाय. आणि धाऊनं ते मानलं. आबाजीचं तोंड बाराही महिने लाल असायचं, सगळ्या गावाला ठाऊक. पण माणसाला शेत पाहिजे असलं की दुसऱ्याचं तोंड दिसत नाय.

कोर्टानं आबाजीच्या बाजूनं निकाल दिला, तोंड मोकळं करा म्हणून. तो ऐकायला आबाजी राहिला नाय, प्लेगात गेला. त्याची बायको इंदूबाई पदर खोचून उभी राहिली. तिनं बजावणीचा अर्ज टाकला आणि बेलीफ कळंबाला आला. पोपट म्हणाला, शेत माझं नाय. धाऊ म्हणाली, निकालात माझं नाव नाय. दोघांचंही खरं. बेलीफ बांधाकडं बघत बसला, ताक प्यायला आणि परत गेला. खाली इंदूबाईची रोपं पिवळी पडत चालली.

मग इंदूबाईच्या वकिलानं अर्ज केला, की शेत घेणारीलाही यात धरा. धाऊला नोटीस आली. तिचा वकील म्हणाला, घाबरू नको, घेताना दाव्याचं काही माहीत नव्हतं एवढंच सांग. मग त्यांना नवा दावा करावा लागंल, त्यात वर्षं जातील. तोवर पाणी तुझंच.

कोर्टाला मी सोबत गेले. वाटभर बडबड माझीच. पाणी गेलं तर तिच्या खाचराचं वरचं टोक कोरडं पडणार, हे तिच्याइतकं कुणाला कळत होतं? दरवाज्याशी इंदूबाई भेटली. कपाळ मोकळं, हात मोकळे. धाऊनं तिच्याकडं बघितलं आणि मान खाली घातली.

साहेबानं विचारलं, घेताना दावा चालू होता हे माहीत होतं का?

वकील तिच्याकडं बघत होता. मी पण. धाऊ पदराचं टोक पिळत उभी राहिली, मग म्हणाली, "विडा परत आला होता, साहेब."

साहेबाला काही कळंना. वकिलानं कपाळाला हात लावला. धाऊनं मग सगळी रीत सांगितली, विडा कुणी घेतला, कुणी ठेवला ते. शेवटी म्हणाली, "त्यानं बांधावर ठेवला. म्या बघितला, आन् तिथनं निघून आले. कसला दावा हे नव्हतं ठाऊक. पण काही हाय, हे ठाऊक होतं. माझं नाव लिवा."

लिहिलं.

परतीच्या वाटेवर मी म्हणाले, आत्या, जरा गप बसली असतीस तर? ती म्हणाली, "गप बसूनच तर एवढं झालं गं."

बेलीफ यायच्या आधीच तिनं फावडं घेतलं. आमी मदतीला गेलो तर लांब उभं केलं. बुजवलेली माती एकटीनं काढली. पाणी आधी थबकलं, मग गढूळ होऊन खाली धावलं. त्या साली तिच्या वरच्या टोकाचं भात पोचट निघालं. पुढंही कधी भरलं नाय, आणि त्यावर ती बांधाशीही कधी बोलली नाय.

तोंड मोकळं झालं त्या दिवशी तिच्या कनवटीला विडा होता. आपल्याकडं विधवेच्या हातात विडा देत नाय, आणि ज्याला द्यायचा तो तर गेलेला. धाऊ वाकली आणि तो विडा तिनं वाहत्या पाण्यात सोडला. पाण्याबरोबर तो बांधाखाली उतरला आणि इंदूबाईच्या पायाशी चिखलात अडकला.

इंदूबाई लावणीला वाकलेली होती. तिनं विड्याकडं बघितलं, वर बांधावर उभ्या धाऊकडं बघितलं. तिनं तो उचलून परत बांधावर ठेवला नाय. तिथंच चिखलात दाबला आणि त्यावर रोपं खोवली.