हिरव्या सशाची चौथी स्टेज

पुण्याची ट्रॅव्हल्स कारंजाच्या हायवेवर ढाब्यासमोर थांबली, तेव्हा बाबांनी माझी बॅग चढवली आणि ड्रायव्हरला विनाकारण सांगून टाकलं, "व्हिडिओ गेम पुरा जिंकणारी गावातली एकच पोरगी हाय ही." मी लाजेनं अर्धमेली झाले. ड्रायव्हर बिचारा "हो का?" म्हणाला.

पण याच गोष्टीच्या जोरावर त्यांनी काकांचा विरोध मोडून काढला होता. पोरगी एकटी पुण्यात कशी राहील, असं काका म्हणत. बाबांचं ठरलेलं उत्तर, "मशीनले नाई भ्याली, पुण्याले काय भ्याते?"

घरच्या टीव्हीला जोडायच्या गेमच्या मशीनची ती कॅसेट बाबांनी नागपूरहून आणली होती. त्यातला उड्या मारणारा ससा खरं तर दुसऱ्याच कंपनीच्या मशीनचा. कुणीतरी तो परस्पर आमच्या मशीनवर उतरवला होता. आम्हाला कुठलं माहीत? आमचा ससा हिरवागार, चाल बैलबंडीची. चौथ्या स्टेजच्या शेवटी चित्र थिजायचं आणि एकच सूर वाजत राहायचा. म्हणजे जिंकलो, असं आम्ही समजायचो. मी तिथवर पोचले, त्या दिवशी बाबांनी दुकानात येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला पेढा दिला.

पुण्यात नोकरी लागल्यावर ऑफिसातल्या एकानं अस्सल गेम लावला. ससा पांढराशुभ्र, आणि पळतो असा की माझी बोटं पुरेनात. चौथ्यानंतर पाचवी स्टेज आली, सहावी आली. सगळे हसतखेळत होते, मला मात्र रडू येत होतं. मी काही जिंकलेच नव्हते. आमची कॅसेट तिथं अडकायची, एवढंच. ज्याच्या जोरावर बाबांनी मला पाठवलं, तेच खोटं निघालं. त्यांना कोणत्या तोंडानं सांगू? दोन रविवार मी घरी फोनच केला नाही.

तिसऱ्या रविवारी सांगितलं. बाबा हसले. "मले माहीत होतं बाई. नागपूरचा दुकानदारच म्हणे, पुढचं यात बसलंच नाई. पण बाकीचे पोट्टे दुसऱ्या स्टेजवरच मरून राह्यले होते. तू मशीन थकेपर्यंत गेली ना?" आणि लगेच विचारलं, "पाचवीत काय हाय वं?"

मी सांगत बसले. अजूनही सांगते, नवा फ्लॅट, लेकीची शाळा, सगळं. पुण्यात मी सुखात आहे, खोटं कशाला बोलू? पण कारंजातून निघून आलेल्यांनो, तुमचंही असंच होत असेल. इथं काही नवं पाहिलं की ते आधी घरी सांगावं लागतं. सांगून झालं, की मगच ते माझं होतं.