अक्कम्माची छळवणूक

मैंदर्गीची अक्कम्मा लग्न होऊन सोलापुरात आली आणि नवरा गेल्यावर कडक भाकऱ्या विकून तिनं घर चालवलं. मुलगा सोमेश बायको चंद्रिकेला सोडून पुण्यात दुसरीबरोबर राहू लागला. एकदा तो कपडे न्यायला आला, तेव्हा तिनं त्याची बॅग उंबऱ्याबाहेर ठेवली.

"तू जा. चंद्रिका हितंच राहील. तुझ्यापेक्षा तिची भाकरी बरी."

तेव्हापासून सासू-सून मिळून भाकऱ्या थापू लागल्या.

मागच्या वर्षी एका वाहिनीची माणसं खऱ्या सासवा-सुना शोधत गल्लीत आली. दोघींना चुलीपाशी बसवलं. अक्कम्माच्या अख्ख्या लग्नात नव्हते एवढे दागिने घातलेली निवेदिका लाडात म्हणाली, "काकू, सुनेला कसं छळलंत, सांगा ना!"

"छळायला सवड कुटं हाय? पहाटं उठून पीठ मळायचं असतंय."

"भांडण तरी?"

"व्हय की, रोज! हिला मालिका लागती, मला कुस्ती. त्या मालिकेतल्या बाया शालू नेसून झोपत्यात, दिवसभर कारस्थानं करत्यात. एक तरी भाकरी थापती का?"

निवेदिकेनं कॅमेरा बंद करायला सांगितला. पण तोवर हवं ते मिळालं होतं. कार्यक्रमात अक्कम्माचे डोळे तीनदा मोठे करून दाखवले, प्रत्येक वेळी वीज कडाडली. ते डोळे खरं तर धुरानं लाल झालेले. चटणी कुटताना ठसका लागून चंद्रिकेच्या डोळ्यांत आलेलं पाणीही दाखवलं. खाली पट्टी: 'सासूच्या जाचात सून!'

दुसऱ्या दिवशी शेजारच्या हेमावतीनं चंद्रिकेला हळूच बाजूला घेऊन माहेरी जायचा सल्ला दिला. चंद्रिका इतकी हसली की हेमावती रुसून निघून गेली.

मग चार वर्षं गप्प असलेल्या सोमेशचा फोन आला.

"अव्वा, चंद्रिकेला छळतीस? लाज वाटत न्हाय?"

अक्कम्माचा पारा चढला. "लई छळते! आता घर तिच्या नावावर करून आणखी छळणार हाय!"

बोलून गेली खरी, पण शब्द खाली पडू देणारी ती बाई नव्हती. आठवड्यात वकील गाठून तिनं बक्षीसपत्र केलं. कचेरीत सही करायच्या आधी चंद्रिकेनं पेन खाली ठेवलं.

"आत्या, नीट इचार केलाय का?"

"कर सही. ऊन चढायच्या आत घरी जाऊ."

बाहेर आल्यावर दोघींनी उसाचा रस प्यायला. अक्कम्मानं बर्फ नको म्हणून रसवाल्याशी दोनदा वाद घातला.