गेनूआबांची डबी

गेनूआबा कुठलाही तास हातात घेतला की आधी उजेडाकडे धरायचे, अंडं पारखावं तसा. मग म्हणायचे, "ह्यो आतनं कुजलाय," नाहीतर, "व्हय, ह्यो टाका धरंल."

लोणावळ्याच्या बाजारात चिक्कीच्या दुकानांमागे तेव्हा आमची वेळसाळ होती. आम्ही सात कारागीर. लोक आपली बिघडलेली वेळ घेऊन यायचे: भांडणात फाटलेली संध्याकाळ, आजारपणात विटलेला महिना. आम्ही ती उसवून, धुऊन, पुन्हा शिवून द्यायचो. आबा लोहगडवाडीचे, आमच्यातले सर्वांत जुने. त्यांच्या शेजारच्या पाटावर मी बसायचो. वयाने तिशीचा, हाताने डावरा, स्वभावाने उतावळा.

स्वस्थ बसणं आबांनाही ठाऊक नव्हतं. पुण्याकडून येणाऱ्या गाडीची शिट्टी झाली की सुई तशीच टोचून ते दारात जात, स्टेशनाकडून येणारी माणसं निरखत आणि परत येत. त्यांची चंद्री पुण्यात होती. स्वतःच्या मनाने लग्न केलं म्हणून आबांनीच तिला उंबऱ्यावरून परत पाठवलं होतं. त्याला नऊ वर्षं झाली होती.

"आबा, दोन तासांचा तर प्रवास. जाऊन या की एकदा," मी म्हणायचो.

"लय येळ हाय अजून. आन् तू गप शिव. तुजा टाका म्हंजी म्हशीची उडी."

त्या 'लय येळ'चं कारण त्यांच्या कोनाड्यात होतं. आमच्या जमातीची रीत अशी की हात बसला, की प्रत्येक कारागिराने आपल्या आयुष्यातला एक चांगला तास काढून लाकडी डबीत ठेवायचा. जायची वेळ आली की डबी उघडायची. श्वास संपला तरी तो एक तास हक्काचा. आबांनी तो चंद्रीसाठी राखला होता. "पाऊन तास तिच्या शिव्या खाईन," ते सांगत, "पाव तास माजा. तेवड्यात माफी मागून व्हती."

आणखी एक गोष्ट ते कायम बजावत. "दिल्याबिगर घेतलेली येळ टिकत न्हाई. ज्याची त्यानं आपल्या हातानं दिली, तरच शिवन धरती."

हे मला पाठ होतं. तरीही.

तुंगार्लीतले एक निवृत्त इंजिन ड्रायव्हर आपल्या लग्नाची दुपार घेऊन आले. बायको गेल्यापासून आठवून आठवून ती पार विरली होती. आबा जेवायला गेले होते. मी ती धुतली आणि घाईत पिळली. मधोमध टरकन फाटली. आता जमातीच्या पंचांपुढे उभं राहावं लागेल, पाट जाईल, या भीतीने मी आबांची डबी उघडली आणि त्यांचा तास त्या दुपारीला ठिगळ म्हणून लावला. माझा तास त्यांच्या डबीत ठेवीन, असं मनाशी म्हटलं. ठेवला नाही. उद्या, परवा करत राहिलो.

पंधरा दिवसांनी ड्रायव्हरसाहेब बाजारात भेटले. तक्रार नव्हतीच. कसनुसं हसून म्हणाले, "ती मंडपात येते, आणि पुढे कोरंच. वय झालं माझं, दुसरं काय?" मी मान हलवली.

त्या थंडीत आबांचा दमा बळावला. चंद्रीला तार गेली. दुपारच्या गाडीने ती निघाल्याचं कळलं. पण गाडी यायला अर्धा तास असतानाच आबांचा श्वास तुटू लागला. "डबी दे," ते म्हणाले. मी दिली. आत तास नव्हता; त्या दिवशी घाईत माझ्या हातून पडलेला दोऱ्याचा एक तुकडा होता, उलट्या गाठीचा. वेळसाळीत तशी गाठ मारणारा मी एकटाच.

आबांनी तो उजेडाकडे धरला.

"कुनाला लावलास?"

"ड्रायव्हरसाहेबांच्या लग्नाच्या दुपारीला."

"टाका धरला का?"

"धरला, आबा."

"मंग वाया न्हाई गेला," म्हणत त्यांनी तोंड दाराकडे वळवलं.

माझी स्वतःची डबी तेव्हा माझ्या खिशात होती. 'घ्या' म्हटलं असतं तर ती दिलेली वेळ होती, टिकली असती. हात खिशावर गेला आणि तिथेच राहिला. चोरीपेक्षा मला हे जास्त छळतं. गाडीची शिट्टी झाली. आबा सवयीने उठू पाहत होते. उठले नाहीत.

चंद्री चपला हातात घेऊन धावत आली. "मला काही म्हणाले का?"

"तुझी वाट पाहत होते," मी म्हणालो. ते खरं होतं, आणि मी त्याच्या आड लपलो.

वेळसाळ मोडली त्याला वर्षं लोटली. मी पन्नाशीला आलो. चंद्रीला सांगायला म्हणून कितीदा पुण्याच्या लोकलमध्ये बसलो आणि तळेगावला उतरून परत आलो. परवा बायको वैतागून म्हणाली, "रात्रंदिवस येरझारा घालता. जाऊन सांगून या एकदाचं." मी पटकन म्हणालो, "आहे की अजून खूप वेळ." आणि म्हणता म्हणताच आबांचा आवाज ऐकला.

हे गाडीत लिहितो आहे. डबी खिशात आहे. चंद्रीला आपल्या हाताने द्यायची आहे. उंबऱ्यावरून परत पाठवलं, तर तो तिचा हक्क. आत घेतलं, तर पाऊण तास शिव्या खाईन.

तळेगाव आत्ताच मागे पडलं.