सोळा एप्रिलची जोडी

हातावरचं पीठ पायजम्याला पुसत ते आधी वर पत्र्याकडे बघायचे, कपाळाला आठ्या घालायचे आणि म्हणायचे, "तारीख सांगा, जोडी लावतो."

वडनेर भोलजीत आमच्या आळीच्या टोकाला त्यांची पिठाची चक्की होती. सारं गाव त्यांना भाऊ म्हणे. तुम्ही डबा ठेवून वाट पाहत बसलात, की भाऊ तुमच्या घरातली एखादी तारीख विचारणारच. लग्नाची, पोराच्या जन्माची, विहिरीला पाणी लागलं त्या दिवसाची. मग त्याच तारखेला जगात काय मोठं घडलं ते सांगायचे. दाराजवळच्या फळ्यावर रोज खडूने दोन ओळी असायच्या, एक जगाची आणि एक गावाची. अक्षर अगदी छापल्यासारखं.

मी मलकापूरच्या शाळेत तीस वर्षं इतिहास शिकवून निवृत्त झालो. माझ्या सनावळ्या पोरं परीक्षेच्या संध्याकाळीच विसरत. आणि इथे सातवी शिकलेल्या माणसाने सांगितलेल्या तारखा ज्वारी दळायला आलेल्या बाया घडाघडा म्हणत! खोटं कशाला बोलू, माझा जळफळाट व्हायचा.

त्यातच एकदा बायको पीठ घेऊन आली ती हसतच. "अहो, आपलं लगन सोळा एप्रिलचं ना? त्याच तारखेले आपल्या देशात पहिली रेल्वे धावली म्हने! भाऊनं सांगतलं." डबा खाली ठेवत तिने विचारलं, "तुमाले माहीत नव्हतं काय?"

माहीत नव्हतं? अहो, ती तारीख मी तीस वर्षं फळ्यावर लिहिली होती. घरी आणायची तेवढी सुचली नाही. लग्नाचा वाढदिवस तर मी दरवर्षी विसरायचो. तिचा चेहरा इतका फुलला होता, आणि फुलवणारा दुसराच! दोन दिवस मला जेवण गोड लागलं नाही.

तेव्हापासून मी भाऊंच्या चुकीवर टपून बसलो. जुलैत सापडली. एकवीस तारखेच्या फळ्यावर लिहिलं होतं, 'माणूस चंद्रावर उतरला.' खाली, 'शेवंताबाईला नातू झाला.' चार माणसं बसलेली पाहून मी गरजलो, "वीस जुलै हो, वीस! कोणत्याही पुस्तकात बघा."

भाऊ फळ्यापाशी आले. "सर म्हंतात मंजे तसंच असन," म्हणाले, आणि तळहाताने चंद्र पुसून टाकला.

कोपऱ्यात बसलेल्या शेवंताबाईचं तोंड उतरलं. "मंग माह्या नातवाले काय राह्यलं, भाऊ?"

"दुसरं पाहू ना आजी. कोनतीच तारीख रिकामी नसते."

मी छाती काढून घरी आलो. पुस्तक उघडलं आणि ओळीवर बोट ठेवून दोनदा वाचलं. तिकडे अमेरिकेत वीस तारीख होती, तेव्हा आपल्याकडे रात्रीचे बारा वाजून गेले होते आणि एकवीस लागली होती. भाऊंची जोडी बरोबर होती. उद्या सांगू म्हटलं. उद्या तिथे लोक होते. परवा लाज वाटली. असे महिने गेले. शेवंताबाई समोरून आली की मी रस्ता बदलायचो.

गेल्या वर्षी सोळा एप्रिलला सकाळी मी स्वतःच डबा उचलला. म्हटलं, आज सांगूनच टाकायचं. चक्की बंद होती आणि ओट्यावर माणसं जमली होती. भाऊ पहाटे झोपेतच गेले होते. फळा ते आदल्या संध्याकाळीच लिहून ठेवत. त्यावर होतं, 'पहिली रेल्वे धावली. सरांचं लग्न.'

चक्की पुन्हा उघडली नाही. फळाही कोणी पुसला नाही.

यंदा मी विसरलो नाही. मलकापूरहून गजरा आणून ठेवला. सकाळी बायकोपुढे धरला, तर ती म्हणाली, "भाऊले जाऊन साल झालं आज." म्हणजे आधी भाऊ, मग रेल्वे, मग आमचं लग्न! गेलेल्या माणसावर कोणी जळतं का? मी जळलो.

तरी तिला घेऊन चक्कीवर गेलो. खडू खिशात होता. त्यांच्या दोन ओळींखाली, शाळेत कधी काढलं नसेल इतकं नीट अक्षर काढून लिहिलं, 'भाऊ गेले.' थोडी जागा उरली होती. तिथे लिहिलं, 'चंद्र एकवीस जुलैचाच. चूक सरांची.'

बायकोने सगळ्या ओळी वाचल्या. मग पदराने डोळे पुसून म्हणाली, "अक्षर मातर भाऊचंच चांगलं होतं."