वाऱ्याविना आलेली लाट

मालवणच्या समोर, किनाऱ्यापासून बऱ्यापैकी आत, आम्ही एक पिवळा बोया नांगरून ठेवला होता. हा गोळा लाटेबरोबर वरखाली होई आणि लाट किती उंच, किती वेळाने आणि कुठल्या दिशेने येते ते माझ्या संगणकाला कळवी. वाऱ्याने पाण्यावर लाटा कशा उठतात, याचा अभ्यास ही माझी नोकरी. मी कणकवलीकडच्या शेतकऱ्याची मुलगी. मला अजून पोहता येत नाही, हे ऑफिसात कुणाला सांगितलेलं नाही.

थंडी सरताना एका सकाळी बोया जागेवर नव्हता. दोर तुटला होता. चार दिवस त्याचा ठिपका नकाशावर दक्षिणेकडे सरकत राहिला आणि पाचव्या दिवशी रेडीच्या एका वाडीत, जमिनीवर चढला. लाटांची उंची शून्य.

मी गाडी घेऊन गेले. अंगणात माडाखाली एका जुन्या टायरवर बोया नीट बसवलेला होता, उन्हाने तापू नये म्हणून वर ओलं गोणपाट. पन्नाशीचा एक मच्छीमार बाहेर आला.

"जाळ्यात आला. आम्ही लगेच पोलिसांना कळवलं," तो शुद्ध मराठीत, जपून म्हणाला.

"बरा केलात. नायतर ह्यो गोयात पोचलो असतो," मी म्हटलं.

तो हसला आणि आत चहा करायला सांगून आला. मग त्याने विचारलं, "ह्यो मोजता तरी काय?"

मी लॅपटॉपवर आलेख दाखवला. त्यात दोन उंचवटे होते. "ह्यो दुपारच्या वाऱ्याचो, हयच उठलेलो. आणि ह्यो लांबचो. खूप दूर दक्षिणेक वादळ झाला की थयसून लाट निघता. आठवड्याभरान आपल्याकडे पोचता."

"हय वारो नसलो तरी?"

"तरीय. खोल पाण्यात कळना नाय. उथळ पाण्यात इली की उभी रवता."

त्याने लांबच्या लाटेच्या उंचवट्यावर बोट ठेवलं.

"माझे बाबा खाडीच्या तोंडार बुडान गेले," तो म्हणाला. "वारो नाय, पाणी तेलासारखा. एकाएकी लाट उभी रवली आणि होडी उलटली. काठावरच्यांनी बघितला. तरी लोक म्हणत, वाऱ्याबिगर लाट खंयसून येतली? तांका झोप लागली आसतली. कोण म्हणत, दारू."

त्याची आई उंबऱ्यावर सुकट निवडत बसली होती. तिचा हात थांबला. "गो बाय, मगे तांचा चुकाक नाय?"

नाही, त्यांची काही चूक नव्हती, असं म्हणणं सोपं होतं. जिभेवर आलंही होतं. पण तेव्हा इथे बोया नव्हता, त्या दिवसाची कसलीच नोंद नव्हती.

"आये, त्या दिवसाचा माझ्याकडे कायच नाय," मी म्हटलं. "पण वाऱ्याबिगर लाट येता, ह्या खरा. तांका झोपच लागली होती, असा कोणाकच म्हणाक येवचा नाय."

तिने सूप बाजूला ठेवलं. मग कुंपणापाशी जाऊन तिने शेजारणीला हाक मारली. शेजारीण पदराला हात पुसत आली. होडीत झोप लागल्याची गोष्ट या शेजारणीच्याच घरातून वाडीभर गेली होती, हे मला नंतर कळलं.

"आता हिका सांग," म्हातारी मला म्हणाली. "माका सांगितलंस तसाच."

मी पुन्हा सगळं सांगितलं. दोन्ही उंचवटे बोट ठेवून दाखवले. शेजारीण वाकून बघत होती. तिने एकच प्रश्न विचारला, लाट इतक्या लांबून येताना वाटेत मरत कशी नाही? प्रश्न चांगला होता. लांब लाटांची ताकद फार हळू उतरते, एवढं मी सांगितलं.

"आसात मगे तसाच," ती म्हणाली आणि उंबऱ्यावर म्हातारीच्या शेजारी बसली. थोड्या वेळाने तीही सुकट निवडू लागली. मच्छीमाराने आणि मी मिळून बोया उचलून गाडीत ठेवला.