खुणा सांग

विमानतळाच्या दारात बाकीचे आईबाप सांगत होते, पोचलीस की फोन कर. माझे बाबा म्हणाले, "पोचलीस की खुणा सांग." आमच्या कोपर गावात नंबर सांगून कुणाला घर सापडत नाही. गिरणीपासून डावीकडे, मग इस्त्रीवाला, मग जास्वंदीचं कुंपण. मी मात्र रॉटरडॅमला पोचले आणि त्यांना मोबाइलवर लोकेशन पाठवलं. त्यांनी नुसता अंगठा पाठवला.

इथे मी व्हिडिओ आर्ट करते. पहिल्या मोठ्या कामात कोपर आणि ठाण्याचं जुनं फुटेज उलटं केलं, धूसर केलं, मागे पळवलं, तीन पडद्यांवर एकदम लावलं. शहरात माणूस कसा हरवतो ते दाखवायचं होतं. बघणारे गरगरून बाहेर आले. मी खूश.

यंदा सुट्टीत तेच काम घरच्या टीव्हीवर लावलं. बाबांना माझं काम कळेल का, अशी धास्ती होती. त्यांनी चष्मा पुसला, मान वाकडी केली.

"अगं, ही तर आपली गिरणी! उलटी टांगलीस होय? आणि हा वागळे इस्टेटचा नाका. वर्कशॉपला जाताना मी इथेच चहा घ्यायचो."

एक जागा सुटली नाही. माझ्या आर्टचा पार बोऱ्या वाजला आणि मला हसू आवरेना.

मग शेवटचा शॉट आला. रॉटरडॅमची माझी गल्ली, सरळ, स्वच्छ, कुठलीही करामत न केलेली. बाबा खुर्ची ओढून पुढे सरकले.

"हे कुठलं गं?"

"मी इथेच राहते, बाबा."

त्यांनी पुन्हा चष्मा पुसला. "हे नाही ओळखता येत," हळूच म्हणाले. "तू खुणा सांगितल्याच नाहीस ना."

मला फार लाज वाटली.

रॉटरडॅमला परत आल्यावर मोबाइलवर व्हिडिओ घेत ट्रामच्या स्टॉपपासून दारापर्यंत चालले, मोठ्याने बोलत. ही तुर्की बेकरी, इथून डावीकडे. ही लाल सायकल, कधी हलत नाही. ही खिडकीतली लठ्ठ मांजर. इतक्या खुणा मला पाठ आहेत, हे मलाच ठाऊक नव्हतं. तो व्हिडिओ बाबांना पाठवला.

दूर गेलेल्यांनो, नुसतं लोकेशन पाठवून भागत नाही.

बाबांच्या गुडघ्यांना एवढा प्रवास झेपणार नाही, हे आम्हा दोघांनाही कळतं. पण हल्ली संध्याकाळी मी कामावरून परतताना त्यांचा फोन येतो. "बेकरीपर्यंत आलीस का गं?"

"आले, बाबा."

"मग आता डावीकडे वळ," ते म्हणतात, आणि मी घरी जाते.