एका बटनाचा गेम

चिखलीच्या स्टँडसमोर एकाचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे. जुन्या बटनवाल्या फोनमध्ये तो जावा गेम टाकून देतो. पण स्वतः खेळून हरल्याशिवाय फोन परत करत नाही. "काही गेम शेवटाले अटकते हो," म्हणतो.

परवा आईला आणि तिचा फोन घेऊन त्याच्याकडे गेलो. त्यानं तीन गेम टाकले, खेळला आणि काढूनही टाकले. मी वैतागलो. "चांगले चालून राह्यले ना, काऊन काढता?"

"काकूचा अंगठा वळत नाही. फोन देताना पाह्यलं म्या."

चौथा गेम तो स्वतःचा अंगठा ताठ ठेवून खेळला, हरला, आणि फोन आईच्या हातात दिला. "याले एकच बटन लागते, काकू."

मी आईच्या अंगठ्याकडे पाहिलं. आम्ही एकाच घरात राहतो.